तालमीत मुरलेलं भय



या व्यासपीठावरून आजवर संतवाङ्मय, सहकार, शेती आणि पाणीप्रश्न या विषयांवर व्याख्यानं झाली आहेत. त्या पंगतीत स्वतःचंच कापलेलं मुंडकं हातात घेऊन फिरणाऱ्या एका डॉक्टरला मी आणून बसवतो आहे. संयोजकांनी त्याला हरकत घेतली नाही, याबद्दल त्यांचे आभार.

आजचा विषय आहे अमेरिकी दिग्दर्शक स्टुअर्ट गॉर्डन. १९४७ साली शिकागोत जन्मला, २०२० च्या मार्चमध्ये लॉस एंजेलिसला वारला. भयपटांच्या चाहत्यांत त्याचं नाव आदराने घेतलं जातं. त्या वर्तुळाबाहेर बहुतेकांना ते ठाऊक नसतं. १९८५ सालचा 'री-ॲनिमेटर' हा त्याचा पहिला चित्रपट आणि तोच सर्वांत गाजलेला. तेव्हा तो अडतिशीला टेकला होता आणि त्याआधी वीसेक वर्षं नाटकच करत होता. मला जे सांगायचं आहे ते या वर्षांबद्दल आहे. गॉर्डन हा नाटकाची मंडळी चालवणारा माणूस होता. तो चित्रपटात गेला तेव्हा मंडळी चालवण्याची रीतही सोबत घेऊन गेला. त्याच्या चित्रपटांत आपण एकाच वेळी शहारतो आणि हसतो ते या रीतीमुळे. रक्ताच्या पिंपांचं श्रेय त्यात फार थोडं आहे.

पण सुरुवात त्याच्या जन्माच्या पंचवीस वर्षं आधीपासून करायला हवी. एच. पी. लव्हक्राफ्ट हे अमेरिकी भयकथेतलं मोठं नाव. १९२२ साली 'होम ब्रू' नावाच्या मासिकात त्याची 'हर्बर्ट वेस्ट, रीॲनिमेटर' ही कथा सहा भागांत क्रमशः आली. मेलेल्यांना इंजेक्शन देऊन उठवणाऱ्या एका वैद्यकीय विद्यार्थ्याची ही कथा आहे. गंमत अशी, की 'होम ब्रू' हे विनोदी मासिक होतं. दर भागाला पाच डॉलर मिळायचे आणि प्रत्येक भागाच्या शेवटी वाचकाला टांगून ठेवायचं, अशी अट होती. लव्हक्राफ्टला हे काम अजिबात आवडलं नाही. पैशासाठी कलेची माती करतो आहोत, अशी त्याची भावना होती.

इथे आपल्या गावचा एक माणूस येतो. लव्हक्राफ्टच्या अभ्यासातलं आज जगभर मानलं जाणारं नाव म्हणजे एस. टी. जोशी, अर्थात सुनंद त्र्यंबक जोशी. जन्म पुणे, १९५८. लहानपणीच ते अमेरिकेत गेले. लव्हक्राफ्टच्या संहिता त्यांनी शुद्ध करून घेतल्या, त्याचं विस्तृत चरित्र लिहिलं. या जोशींच्या मते हर्बर्ट वेस्टची कथा ही लव्हक्राफ्टची सर्वांत कच्ची कृती आहे, आणि कथा वाचून पाहिली तर त्यांच्याशी वाद घालावासा वाटत नाही. दर भागात तोच मागचा सारांश, तीच धावपळ, शेवटी तसाच धक्का. म्हणजे एका थोर लेखकाची सर्वांत वाईट गोष्ट, तीही विनोदी मासिकासाठी अनिच्छेने लिहिलेली, गॉर्डनने आपल्या पहिल्या चित्रपटासाठी उचलली. भव्य आणि गूढ लव्हक्राफ्ट पडद्यावर आणायला निघालेल्यांची गाडी बहुधा घसरली आहे, कारण त्याच्या चांगल्या कथांतलं भय वर्णनातीत असतं आणि कॅमेऱ्याला वर्णनातीत काही दाखवता येत नाही. कच्च्या कथेत मात्र माणसं असतात, प्रेतं असतात, दार लावून घ्यायची घाई असते. नाटकवाल्याला तेवढं पुरतं.

आता शिकागो. गॉर्डन विस्कॉन्सिन विद्यापीठात मॅडिसनला शिकत होता. १९६८ च्या ऑगस्टमध्ये शिकागोला डेमोक्रॅटिक पक्षाचं अधिवेशन झालं आणि बाहेर पोलिसांनी युद्धविरोधी तरुणांना झोडपून काढलं. लगोलग गॉर्डनने विद्यापीठात 'पीटर पॅन' बसवलं. त्यात चाचे झाले शिकागोचे पोलीस, हुक झाला महापौर, आणि नेव्हरलँडची सफर झाली एलएसडीची धुंदी. त्या धुंदीच्या प्रवेशात मुली विवस्त्र नाचल्या. अश्लीलतेच्या आरोपाखाली गॉर्डनला आणि त्याची भावी पत्नी कॅरोलिन पर्डी हिला अटक झाली. आरोप पुढे मागे घेतले गेले, पण यापुढच्या तालमींवर प्राध्यापकांची देखरेख राहील असं विद्यापीठाने सांगताच दोघांनी विद्यापीठालाच रामराम ठोकला. पुढे शिकागोत त्यांची ऑर्गॅनिक थिएटर कंपनी उभी राहिली.

इथे मला जवळजवळ त्याच सुमाराचं आपल्याकडचं 'गिधाडे' आठवतं. तेंडुलकरांच्या त्या नाटकात माणिकच्या वस्त्रावरचा लाल डाग परिनिरीक्षण मंडळाला खुपला. मग तो डाग निळा केला गेला आणि डॉ. लागूंच्या प्रयोगाआधी प्रेक्षकांना सांगितलं जाऊ लागलं, की दिसेल निळा, पण लाल समजून घ्या. सेन्सॉरच्या इतिहासातला हा सर्वोत्तम विनोद असावा, आणि त्यात कुणाच्याही चेहऱ्यावरची रेषसुद्धा हललेली नव्हती. रक्ताचा रंग हा रंगमंचावर किती गंभीर मामला असतो हे कळायला आपल्याला शिकागोला जायची गरज नाही.

ऑर्गॅनिकमध्ये पुढची पंधराएक वर्षं गॉर्डनने काय काय केलं? 'वॉर्प' नावाचं विज्ञानकथेचं त्रिनाट्य रंगमंचावर आणलं, ते १९७३ मध्ये ब्रॉडवेवर गेलं आणि तिथे लगेच पडलं. डेव्हिड मॅमेट या तेव्हाच्या अनोळखी पोराचं 'सेक्शुअल परव्हर्सिटी इन शिकागो' १९७४ मध्ये पहिल्यांदा त्यानेच केलं. बेसबॉलच्या मैदानात स्वस्त बाकांवर बसणाऱ्या प्रेक्षकांवरचं 'ब्लीचर बम्स' कलाकारांनी मिळून रचलं, त्याची मूळ कल्पना त्यांच्यातल्याच जो मॅन्टेन्याची होती. पुढे 'ई/आर' नावाचं इस्पितळाच्या आपत्कालीन कक्षातलं विनोदी नाटक आलं. हे शेवटचं लक्षात ठेवा. वेदनेने कळवळणारा रुग्ण एका बाजूला आणि रात्रपाळीने पिचलेल्या डॉक्टरांची आपसातली कुरबुर दुसऱ्या बाजूला, हे दृश्य त्याने 'री-ॲनिमेटर'च्या आधी प्रेक्षकांसमोर रोज घासून पाहिलं होतं. कुठे हशा येतो आणि कुठे चूक झाली तर सन्नाटा पसरतो, हे त्याला कानांनी ठाऊक होतं.

अशा नाटकात नटाला एक शिस्त लागते. प्रसंग कितीही वेडा असो, पात्राला तो वेडा वाटता कामा नये. गॉर्डनने ही शिस्त चित्रपटात नेली. पटकथेत त्याच्यासोबत डेनिस पाओली होता, त्याचा शाळेपासूनचा मित्र. ब्रायन यूझ्ना या निर्मात्याने पैसे उभे केले. खर्च दहा लाख डॉलरांच्याही आतला. एवढ्या तुटपुंज्या पैशांत बाकीचे लोक तालमींना फाटा देतात. गॉर्डनने चित्रीकरणाआधी रीतसर तालमी घेतल्या. रंगभूषाकार जॉन नॉलिन यांच्या आठवणीप्रमाणे तोवर त्यांना एका चित्रपटात दोन गॅलनपेक्षा जास्त खोटं रक्त कधी लागलं नव्हतं. इथे चोवीस गॅलन लागलं. प्रेतांच्या कातडीचे रंग नेमके साधावेत म्हणून शवागारातल्या छायाचित्रांचा अभ्यास झाला. हिरव्या झळझळत्या औषधासाठी मात्र रात्री चमकणाऱ्या प्लास्टिकच्या कांड्यांमधला द्रव वापरला. एकीकडे शवागार, दुसरीकडे जत्रेतलं खेळणं.

चित्रपटातला एकच प्रवेश घेऊन बोलतो. डॅन केन हा सरळमार्गी विद्यार्थी आणि हर्बर्ट वेस्ट त्याचा नवा भाडेकरू. डॅनची मांजर रूफस नाहीशी होते आणि मग वेस्टच्या फ्रिजमध्ये मेलेली सापडते. वेस्टचं म्हणणं, ती आधीच मेली होती, मी फक्त वास सुटू नये म्हणून ठेवली. रात्री तळघरातून भयंकर किंचाळ्या येतात. डॅन धावतो. वेस्टच्या पाठीला मांजर चिकटलेली आहे. छतावरून लोंबणारा दिवा हेलकावे खातो आहे, त्यामुळे क्षणात उजेड, क्षणात काळोख. मांजर म्हणजे उघडउघड भुसा भरलेलं बाहुलं आहे. ते आपल्याला दिसतं, लपवण्याची धडपडही नाही. तरी प्रवेश उभा राहतो, कारण जेफ्री कोम्ब्स हा वेस्ट झालेला नट त्या बाहुल्याशी जिवाच्या आकांताने झुंजतो. मांजर ठेचली गेल्यावर दोघे धापा टाकत असताना वेस्ट एकदम डॅनच्या मागे बोट दाखवून ओरडतो. डॅन उडतो. मागे काहीच नसतं. वेस्ट खुदखुदतो.

या खुदखुदण्यावर मी खूप विचार केला आहे. प्रेक्षकाला घाबरवण्याची दिग्दर्शकाची जुनी युक्ती इथे पात्रच पात्रावर वापरतं आणि त्यातून आपल्याला कळतं, की वेस्टला मृत्यूचं भय नाही, त्याला तो प्रयोगशाळेतला खेळ वाटतो. हसू येतं आणि त्याच हसण्यात वेस्टचं अमानुषपण कळतं. नंतर तो मांजरीला पुन्हा उठवून दाखवतो, तेव्हा आपण हसून चुकलेलो असतो आणि आता घाबरायची तयारी उरलेली नसते. प्रेक्षक हसला की ढिला पडतो. गॉर्डन मुलाखतींतून सांगायचा, की भयपटाच्या प्रेक्षकाइतका हसायला आसुसलेला प्रेक्षक दुसरा नाही. हे वाक्य नाटकाच्या विंगेत उभं राहून कान लावलेल्या माणसाचं आहे.

कोम्ब्सच्या वेस्टला चित्रपटभर एकच राग आहे: लोक कामात अडथळा आणतात. डॉ. हिल हा प्राध्यापक त्याचं संशोधन चोरू पाहतो, तेव्हा वेस्ट फावड्याने त्याचं डोकं धडावेगळं करतो. मग ते मुंडकं टेबलावर सरळ उभं राहीना, म्हणून कागद टोचून ठेवायच्या खिळ्यावर बसवतो, आणि त्याच्या कपाळावर आठी पडते ती कारकुनाची. पुढे मुंडकं आणि धड दोन्ही जिवंत होतात. धड आंधळं, ठेचकाळणारं. मुंडकं ट्रेमधून त्याला हुकूम सोडतं. हिलची भूमिका करणारा डेव्हिड गेल हे सगळं अशा तोऱ्यात करतो, की जणू शेक्सपिअरचा खलपुरुष. रिचर्ड बँडचं संगीतसुद्धा 'सायको'च्या गाजलेल्या संगीताची इतकी उघड नक्कल करतं, की ती थट्टा आहे हे लपत नाही.

आपल्याकडे हसू आणि भय यांची सांगड म्हटलं की पहिलं नाव 'झपाटलेला'. महेश कोठारेंचा १९९३ चा हा चित्रपट, रामदास पाध्येंची बाहुली, दिलीप प्रभावळकरांचा आवाज. 'चाइल्ड्स प्ले' या १९८८ च्या अमेरिकी चित्रपटाचा तो मराठी भाऊ आहे. 'चाइल्ड्स प्ले'च्याही वर्षभर आधी गॉर्डनने 'डॉल्स'मध्ये बाहुल्यांकडून खून करवले होते. 'झपाटलेला' मला मनापासून आवडतो, पण त्याची वाटणी वेगळी आहे. भय तात्या विंचूकडे आणि हसू लक्ष्याकडे. एक आला की दुसरा घाबरतो आणि आपण घाबरणाऱ्याला हसतो. गॉर्डनकडे ही वाटणीच नाही. वेस्ट हाच भीतिदायक आणि वेस्ट हाच हास्यास्पद, तेही एकाच वाक्यात. त्यामुळे कुणाच्या बाजूला बसावं हे प्रेक्षकाला शेवटपर्यंत ठरवता येत नाही.

आता एक अप्रिय गोष्ट. चित्रपटाच्या शेवटी हिलचं मुंडकं वैद्यकीय महाविद्यालयाच्या डीनच्या मुलीवर अत्याचार करतं. ती टेबलावर बांधलेली, विवस्त्र. हा प्रवेश चाहत्यांत दंतकथा होऊन बसला आहे, आणि मुलीची भूमिका करणाऱ्या बार्बरा क्रॅम्प्टन या अभिनेत्रीने पुढेही गॉर्डनबरोबर काम केलं आणि या चित्रपटाबद्दल ती नेहमी आपुलकीनेच बोलत आली. तरी मला तो प्रवेश फसलेला वाटतो, आणि त्याचं कारण गॉर्डनच्याच नियमात आहे. बाकी सगळीकडे हसू पात्राच्या हट्टातून येतं. इथे मुलीला हट्टच नाही, तिला करायला काही ठेवलेलंच नाही. ती फक्त सामान आहे. मुंडक्याची शाब्दिक कोटी एवढाच विनोद उरतो, आणि तो लेखकाचा आहे, प्रसंगाचा नाही. पीटर पॅनच्या दिवसांपासून उघड्या शरीराने खळबळ उडवायची जी खोड होती, तिचीही थोडी सावली इथे आहे. पॉलीन केल आणि रॉजर ईबर्ट या दोन वजनदार समीक्षकांनी चित्रपटाचं कौतुक केलं, आणि कौतुक रास्तच होतं. पण या प्रवेशाकडे डोळेझाक करायची गरज नाही.

यानंतरची दहाएक वर्षं झटपट सांगतो. चार्ल्स बँडच्या एम्पायर पिक्चर्सने रोमजवळचा जुना स्टुडिओ घेतला होता. तिथे 'फ्रॉम बियॉन्ड' आणि 'डॉल्स' झाले. मग एम्पायर दिवाळखोरीत गेली आणि गॉर्डनचा अवाढव्य यंत्रमानवांचा 'रोबॉट जॉक्स' तिच्यासोबत लटकला, तो १९९० मध्ये कसाबसा बाहेर आला. 'फोर्ट्रेस' धंद्याच्या दृष्टीने चालला. 'कॅसल फ्रीक'ची जन्मकथा मजेची आहे. बँडच्या कचेरीत गॉर्डनला भिंतीवर एक पोस्टर दिसलं. पटकथा नव्हती, नुसतं पोस्टर. बँड म्हणाला, किल्ला असू दे आणि त्यात एक विद्रूप माणूस असू दे, बाकी तुला हवं ते कर. गॉर्डनने त्यातून दारूच्या नशेत अपघात करून मुलगा गमावलेल्या बापाची दुःखी गोष्ट काढली. स्वतंत्र चित्रपट म्हटलं की आपल्याला कुणाचंच न ऐकणारा कलावंत डोळ्यांपुढे येतो. गॉर्डनचं स्वातंत्र्य फरमाइशीच्या पोटात होतं. पोस्टर मालकाचं, आत काय चालायचं ते मंडळीचं. या मंडळीत कॅरोलिनही आली. नवऱ्याच्या चित्रपटांत ती पुनःपुन्हा भयंकर मरणं मरते. त्या घरात संध्याकाळी काय बोलणं होत असेल कोण जाणे.

आणि याच माणसाच्या डोक्यातून डिस्नीचा 'हनी, आय श्रंक द किड्स' निघाला, हे सांगितलं की लोकांना खरं वाटत नाही. गॉर्डन आणि यूझ्ना यांना आपल्या मुलांना दाखवता येईल असा एक तरी चित्रपट हवा होता. दिग्दर्शनही गॉर्डनच करणार होता. चित्रीकरणाच्या तोंडावर तो आजारी पडला आणि काम जो जॉन्स्टनकडे गेलं. कथेचं श्रेय तेवढं राहिलं. १९८९ मध्ये चित्रपट तुफान चालला. पण नीट पाहा: वेडा शास्त्रज्ञ आहे, तळघराऐवजी माळ्यावरची प्रयोगशाळा आहे, आणि स्वतःच्याच पोरांना नकळत केरात टाकणारा बाप आहे. रक्त काढून घेतलेला 'री-ॲनिमेटर'च तो.

शेवटच्या टप्प्यावर मला जरा थांबायचं आहे, कारण गॉर्डनचं सर्वांत पक्व काम तिथे आहे आणि त्याची चर्चा सर्वांत कमी होते. २००५ मध्ये त्याने तीस वर्षांपूर्वीचा मित्र मॅमेट याचं 'एडमंड' पडद्यावर आणलं. आणि २००७ मध्ये 'स्टक'.

'स्टक'च्या मागे खरी घटना आहे. २००१ साली टेक्ससमधल्या फोर्ट वर्थ शहरात गाडी चालवणाऱ्या एका स्त्रीने रस्त्यावरच्या एका माणसाला धडक दिली. तो समोरच्या काचेतून अर्धा आत घुसून अडकला. ती तशीच गाडी घरी घेऊन गेली, गॅरेजचं दार लावलं आणि तो माणूस तिथे मरून गेला. ती स्त्री रुग्णसेवेचं काम करणारी होती.

यात भुतं नाहीत, हिरवं औषध नाही. गॉर्डनने ही घटना घेतली आणि आपली जुनी पद्धत तिच्यावर लावली: कुणालाही आपण विनोदात आहोत हे कळता कामा नये. ब्रँडी वृद्धाश्रमात काम करते. म्हाताऱ्यांची घाण ती प्रेमाने साफ करते, हे आपल्याला सुरुवातीलाच दाखवलं जातं. तिला बढती मिळायची आहे, त्यासाठी साहेबांना नाराज करून चालणार नाही. टॉम नुकताच बेकार आणि बेघर झाला आहे. रोजगार कचेरीत तासन् तास बसल्यावर त्याला सांगतात, तुमचं नाव संगणकात नाही, पुन्हा या. बागेत झोपला तर पोलीस उठवून पाठवतो. त्या रात्रीच्या पायपिटीत ब्रँडीची गाडी येते. पुढे ती काचेत अडकलेल्या, रक्ताळलेल्या टॉमला चिडून विचारते, की तो तिच्याशी असं का वागतो आहे. त्या वाक्याला हशा येतो. लगेच घशात अडकतो, कारण ती खोटं बोलत नाही. तिच्या डोक्यात खरोखर तिच्यावरच अन्याय झालेला आहे. शेजारच्या घरातल्या मुलाला गॅरेजमधला माणूस दिसतो. पण पोलिसांना बोलावलं तर आपल्यालाच देशाबाहेर घालवतील, या धास्तीने बाप गप्प बसवतो. प्रत्येकाजवळ आपापलं सबळ कारण आहे. वेस्टजवळ विज्ञान होतं, ब्रँडीजवळ बढती आहे. कपाळावरची आठी तीच.

मीना सुवारी आणि स्टीफन रे यांची कामं या चित्रपटात अव्वल आहेत. शेवट गॉर्डनने घटनेपेक्षा वेगळा केला आहे, तो सांगत नाही. आपल्याशी संबंधित गोष्ट एवढीच, की २००९ मध्ये मुंबईत याचा हिंदी अवतार निघाला, 'ॲक्सिडेंट ऑन हिल रोड'. वांद्र्याचा हिल रोड. अडकलेल्या माणसाच्या भूमिकेत फारूक शेख. कल्पना अचूक होती: मुंबईच्या रस्त्यावर हा प्रसंग कुणालाही अशक्य वाटणार नाही. पण हिंदीत आल्यावर हसू गळलं आणि नुसता छळ उरला.

'स्टक'नंतर गॉर्डनला मोठ्या पडद्यासाठी पैसे मिळाले नाहीत. हर्बर्ट वेस्टला व्हाइट हाऊसमध्ये नेणारा एक चित्रपट त्याच्या मनात होता, तो झाला नाही. मग तो पुन्हा रंगमंचाकडे वळला. २००९ मध्ये कोम्ब्सला घेऊन एडगर ॲलन पोवर एकपात्री प्रयोग केला. २०११ मध्ये लॉस एंजेलिसच्या एका छोट्या नाट्यगृहात 'री-ॲनिमेटर'चं चक्क संगीत नाटक केलं. पुढच्या रांगांतल्या प्रेक्षकांवर खोटं रक्त उडायचं आणि त्या जागा लोक मुद्दाम मागून घ्यायचे. तो प्रयोग पुढे एडिंबरोलाही गेला. २०१४ मध्ये 'टेस्ट' हे नाटक केलं: दोन माणसं जेवणाच्या टेबलाशी बसतात, त्यातल्या एकाने दुसऱ्याला आपल्याला खाऊ देण्याचं कबूल केलेलं आहे. हीसुद्धा जर्मनीतली खरी घटना. यजमान आणि पाहुणा एकमेकांशी अतिशय अदबीने वागतात.

ज्यांना आज घरी जाऊन काही पाहायची इच्छा होईल, त्यांच्यासाठी एक व्यवहाराची सूचना. 'री-ॲनिमेटर'च्या एकाहून अधिक आवृत्त्या फिरतात. मूळ आवृत्ती प्रमाणपत्राविनाच प्रदर्शित झाली होती, कारण मिळालं असतं ते जाहिराती आणि चित्रपटगृहं दोन्ही बंद करणारं प्रमाणपत्र. दुसरी आवृत्ती नंतर सौम्य प्रमाणपत्रासाठी केली. तिच्यातून रक्ताचे तुकडे कापले आणि लांबी भरून काढायला आधी गाळलेले संवादाचे प्रवेश, डॉ. हिलच्या संमोहनविद्येचे वगैरे, पुन्हा घातले. ही दुसरी आवृत्ती टाळा. तिच्यात रक्त कमी आहे म्हणून नव्हे. तिच्यात सगळ्या गोष्टींचा खुलासा होतो, माणसं सावकाश बोलतात, आणि जिथे मूळ चित्रपटात हशा येतो तिथे आता कुणीतरी काहीतरी समजावून सांगत असतं.

प्रश्न असतील तर घेऊ.